घातांकातील चूक कशी पकडावी?

हिंगोली जिल्ह्यातील औंढा नागनाथ हे गाव ज्योतिर्लिंगामुळे तुम्हांला ठाऊक असेलच. याच गावाजवळ ‘लायगो-इंडिया’ ही गुरुत्वीय लहरींची वेधशाळा बांधण्यास केंद्र सरकारने एप्रिल २०२३ मध्ये मंजुरी दिली. एकमेकींशी काटकोनात असलेल्या, प्रत्येकी ४ किलोमीटर लांबीच्या दोन निर्वात भुजा आणि त्यांतून ये-जा करणारा लेसरचा प्रकाश, असे या वेधशाळेचे स्वरूप आहे. लहर आली की भुजांच्या लांबीत अगदी किंचित फरक पडतो. किती किंचित, ते साध्या गुणाकाराने काढता येते. मात्र हा गुणाकार वहीत फार सहज चुकतो.

अमेरिकेतील अशाच वेधशाळांनी १४ सप्टेंबर २०१५ रोजी पहिली लहर टिपली. त्या वेळी फरक मूळ लांबीच्या सुमारे १०⁻²¹ पट होता. भुजेची लांबी ४ × १०³ मीटर. म्हणून

(४ × १०³) × (१ × १०⁻²¹) = ४ × १०⁻¹⁸ मीटर.

अंकांचा गुणाकार करायचा आणि घातांकांची बेरीज. बेरीज का? १०³ म्हणजे दहाने तीनदा गुणणे आणि १०⁻²¹ म्हणजे दहाने एकवीस वेळा भागणे. तीन गुणाकार तीन भागाकारांना खाऊन टाकतात; अठरा भागाकार उरतात.

आता चुका पाहू. कोणी घातांकांचाच गुणाकार करून १०⁻⁶³ लिहितो. कोणी ३ आणि २१ मिळवून वर ऋण चिन्ह ठेवतो व १०⁻²⁴ लिहितो. या दोन्ही चुका पुन्हा आकडेमोड न करता पकडता येतात. १०⁻²¹ ला आपण ४००० ने गुणले, तेव्हा उत्तर १०⁻²¹ पेक्षा मोठे यायला हवे. दुसरीकडे, ४००० ला एकाहून लहान संख्येने गुणले, म्हणून ते ४००० पेक्षा लहान हवे. या दोन कुंपणांच्या आत जे बसत नाही, ते उत्तर चूक.

प्रोटॉनचा व्यास सुमारे १.७ × १०⁻¹⁵ मीटर असतो. आपला फरक त्याच्याही चारशेव्या भागाएवढा आहे, आणि तो मोजला गेला! १०⁻²⁴ हे उत्तर खरे असते, तर फरक याहूनही दहा लाख पटींनी लहान असता.

चिन्ह अजिबातच गळले तर उत्तर येते ४ × १०²⁴ मीटर. हे अंतर किती मोठे, ते एका दुसऱ्या गुणाकाराने पाहू. १७ ऑगस्ट २०१७ रोजी टिपलेली लहर सुमारे १३ कोटी प्रकाशवर्षांवरून, दोन न्यूट्रॉन ताऱ्यांच्या मीलनातून आली होती. एक प्रकाशवर्ष म्हणजे ९.४६ × १०¹⁵ मीटर.

(१.३ × १०⁸) × (९.४६ × १०¹⁵) = १२.३ × १०²³ (सुमारे)

म्हणजे चिन्ह विसरणाऱ्याची चार किलोमीटरची भुजा त्या ताऱ्यांच्याही पलीकडे ताणली गेली!

वरील उत्तर अजून प्रमाणित रूपात नाही. अंक १ ते १० च्या दरम्यान हवा. १२.३ चे १.२३ केले, म्हणजे अंक दहापट लहान झाला. तेव्हा घात दहापट मोठा करायला हवा: १.२३ × १०²⁴. अनेक जण इथे १०²² लिहितात. ऋण घातांक असला तर गोंधळ आणखी वाढतो. १२ × १०⁻¹⁸ चे प्रमाणित रूप १.२ × १०⁻¹⁷ होते, १०⁻¹⁹ नव्हे. संख्यारेषेवर −१७ हे −१८ च्या उजवीकडे असते, हे आठवा. अशी लहान चूक कुंपणाच्या कसोटीतून निसटू शकते. तेव्हा उत्तराला एका संख्येने भागून दुसरी मिळते का, ते पाहावे.

एक उदाहरण तुमच्यासाठी. भुजेत प्रकाश आरशांमध्ये सुमारे ३०० वेळा परावर्तित होतो, म्हणून प्रकाशाचा मार्ग ३०० पट लांबतो. एका विद्यार्थ्याने तो असा काढला:

(४ × १०³) × (३ × १०²) = १२ × १०⁵ = १.२ × १०⁴ मीटर.

हे तर १२ किलोमीटर झाले, म्हणजे भुजेच्या केवळ तिप्पट. कोणत्या पायरीत चूक झाली आणि खरे उत्तर किती किलोमीटर?