बाळाची साखर उतरली, मध चाटवू का?

प्रश्न : मला गरोदरपणात मधुमेह होता. कालच जन्मलेल्या बाळाची साखर ३८ आली. सासूबाई मध चाटवायला सांगतात. काय करू?

उत्तर : मध नको. त्यातून तान्ह्या बाळाला बोट्युलिझम ही गंभीर विषबाधा होऊ शकते. तुमच्या रक्तातली जादा साखर नाळेतून बाळाला मिळत होती, म्हणून त्याचं शरीर जास्त इन्सुलिन बनवू लागलं. नाळ कापताच साखर थांबली, इन्सुलिन मात्र वाढलेलंच राहिलं. बाळाला उघड्या छातीशी धरा, दर दोन-तीन तासांनी पाजा, झोपलं असलं तरी उठवून. चीक पिळून वाटी-चमच्यानेही देता येतो. साखर तपासायला टाचेतून रक्त घेताना बाळ रडतं, तुमचा जीव कळवळतो. तरी तपासणी टाळू नका. ते थरथरलं, मलूल पडलं, ओढेनासं झालं तर तत्क्षणी डॉक्टरांना बोलवा. गरज पडल्यास शिरेतून ग्लुकोज देतात.