घराचा हप्ता परवडतो, पण घर शेवटी कितीला पडतं?



बंदीचे दिवस सुरू आहेत. बोटी वर ओढून शाकारल्या आहेत, जाळ्यांची डागडुजी चालू आहे. हाताला थोडी उसंत आहे, म्हणून आज गृहकर्जाचा हिशोब समजून घेऊ. नवीन घर बांधायचं, जुनं कौलारू पाडून स्लॅब टाकायचा किंवा मुलासाठी फ्लॅट बघायचा, असे विचार बऱ्याच घरांत चालू असतात. बँकेत गेल्यावर आपण पहिला प्रश्न विचारतो, "हप्ता किती बसेल?" हप्ता परवडला की सही करतो. पण घर आपल्याला कितीला पडणार हे नुसत्या हप्त्यावरून कळत नाही. ते हप्ता किती वर्षं चालणार यावर ठरतं.

पोस्ट मोठी आहे. सेव्ह करून ठेवा आणि सावकाश वाचा.

*१) एकच कर्ज, तीन किमती*

समजा २० लाख रुपये कर्ज घेतलं आणि व्याजदर ९ टक्के आहे. मुदत बदलली की काय होतं ते बघा (आकडे जवळपासचे आहेत):

▪️ १५ वर्षं: हप्ता २०,२८५ रुपये. एकूण फेड ३६ लाख ५१ हजार. त्यात व्याज १६ लाख ५१ हजार.
▪️ २० वर्षं: हप्ता १७,९९५ रुपये. एकूण फेड ४३ लाख १९ हजार. त्यात व्याज २३ लाख १९ हजार.
▪️ ३० वर्षं: हप्ता १६,०९२ रुपये. एकूण फेड ५७ लाख ९३ हजार. त्यात व्याज ३७ लाख ९३ हजार.

२० वर्षांऐवजी ३० वर्षं घेतली तर हप्ता महिन्याला फक्त १,९०० रुपयांनी कमी होतो. त्या १,९०० रुपयांच्या सवलतीपोटी १४ लाख ७४ हजार रुपये जास्त व्याज जातं. एवढ्या पैशात छोट्या होडीचं काम होऊन जाईल.

*२) सुरुवातीचे हप्ते जातात कुठे?*

२० वर्षांचंच कर्ज धरू. पहिल्या महिन्याचा हप्ता १७,९९५. त्यातले १५,००० रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फक्त २,९९५ रुपयांनी कमी होते. वर्षभरात आपण २ लाख १६ हजार भरतो आणि कर्ज उतरतं जेमतेम ३७ हजारांनी.

५ वर्षांनी १० लाख ८० हजार भरून झालेले असतात, तरी १७ लाख ७४ हजार बाकी असतात. १० वर्षं झाली, म्हणजे अर्धी मुदत संपली, तरी डोक्यावर १४ लाख २० हजार असतातच. निम्मं कर्ज फिटायला १४ वर्षं लागतात.

यात बँकेची लबाडी नाही. व्याज दर महिन्याला बाकी रकमेवर लागतं. सुरुवातीला बाकी मोठी, म्हणून व्याजही मोठं. पण याचीच दुसरी बाजू आपल्या फायद्याची आहे. सुरुवातीला मुद्दल थोडी जरी जास्त उतरवली, तरी पुढच्या सगळ्या वर्षांचं व्याज त्या रकमेवर लागत नाही.

*३) आपला खरा हप्ता वेगळा आहे*

पगारदार माणसाला बारा महिने पगार आहे. आपल्याकडे १ जून ते ३१ जुलै यांत्रिक मासेमारीला बंदी. उत्पन्न १० महिन्यांचं, हप्ते १२. म्हणून १७,९९५ चा हप्ता आपल्याला हंगामात महिन्याला २१,५९४ रुपयांना पडतो. बँकेत जाताना हाच आकडा डोक्यात ठेवा. त्यातले १७,९९५ बँकेला आणि उरलेले ३,६०० रुपये दर महिन्याला वेगळ्या खात्यात, जून-जुलैच्या हप्त्यांसाठी. त्या खात्याला डिझेल-बर्फासाठी हात लावायचा नाही.

हे एवढं निक्षून सांगण्याचं कारण आहे. हप्ता ९० दिवसांपेक्षा जास्त थकला की बँक ते खातं थकीत, म्हणजे एनपीए धरते. जूनचा हप्ता चुकला, जुलैचा चुकला, ऑगस्टमध्ये समुद्र खवळलेला राहिला आणि हातात काही आलं नाही, की सप्टेंबरच्या सुरुवातीला ९० दिवस भरतातच. त्यानंतर सरफेसी कायद्याखाली ६० दिवसांची नोटीस येऊ शकते. त्या मुदतीत थकबाकी भरली नाही तर बँक घराचा ताबा घेण्याची कारवाई सुरू करू शकते. वर्षभर चोख हप्ते भरणारं कुटुंबसुद्धा फक्त बंदीच्या दोन महिन्यांमुळे यात अडकू शकतं.

हप्ता चुकणार असं वाटलं तर मोबाईल बंद करून बसू नका. हप्ता चुकण्याच्या आधीच बँकेत जा, लेखी अर्ज द्या आणि त्याची पोच घ्या.

*४) व्याजदर वाढला की मुदत गुपचूप लांबते*

बहुतेक गृहकर्जं फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या व्याजाची असतात. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांपर्यंत नेला. तेव्हा अनेकांचा हप्ता होता तेवढाच राहिला, म्हणून त्यांना वाटलं काही बदललं नाही. वाढली होती ती मुदत.

आपल्याच उदाहरणात सुरुवातीलाच व्याज ९ चं १० टक्के झालं असं धरू.

▪️ हप्ता १७,९९५ च ठेवला तर २० वर्षांचं कर्ज २६ वर्षांच्या वर जातं. साधारण ७४ हप्ते वाढतात, म्हणजे १३ लाखांहून जास्त.
▪️ मुदत २० वर्षंच ठेवून हप्ता १९,३०० केला तर महिन्याला १,३०५ रुपये जास्त जातात. २० वर्षांत मिळून ३ लाख १३ हजार.

फरक १० लाखांचा आहे. रिझर्व्ह बँकेच्या ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकानुसार दर बदलताना कर्जदाराला पर्याय द्यायला हवा: हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं करायचं. किती मुद्दल आणि किती व्याज भरून झालं, किती हप्ते उरले, याचं विवरणही दर तिमाहीला मिळायला हवं. मेसेज किंवा मेल आला तर मुलांकडून वाचून घ्या. त्यातला 'उरलेले हप्ते' हा आकडा मागच्या वेळेपेक्षा वाढलेला दिसला, तर लगेच बँकेत जाऊन विचारा.

*५) चांगल्या हंगामाचा पैसा मुद्दलीत घाला*

आपलं उत्पन्न सारखं नसतं, हे आपलं दुखणं आहे. पण बांगडा-तारली चांगली लागली, कोळंबीला भाव आला, की एकदम रक्कमही हातात येते. ती रक्कम थोडी जरी मुद्दलीत घातली तरी काय होतं बघा.

*दरवर्षी हंगामाचे ५० हजार जादा भरले तर:* २० वर्षांचं कर्ज १३ वर्षांत संपतं. व्याज २३ लाख १९ हजारांऐवजी साधारण १४ लाख जातं. सुमारे ९ लाख वाचतात आणि ७ वर्षांचे हप्ते टळतात.

*एकदाच १ लाख भरले तर:* पहिल्या वर्षाअखेरीस भरले तर सुमारे २७ हप्ते कमी होतात आणि जवळपास ४ लाख व्याज वाचतं. तेच १ लाख पंधराव्या वर्षाअखेरीस भरले तर ८ हप्ते कमी होतात आणि व्याज वाचतं ५२ हजारांच्या आसपास. पैसा तोच, वेळ वेगळी.

यात तीन गोष्टी पाळा.

▪️ पैसे भरताना बँकेत लेखी द्या की, *हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा.* नंतर नवीन तक्ता मागून मुदत खरंच कमी झाली का ते तपासा.
▪️ वैयक्तिक नावावरच्या फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकेला घेता येत नाही. कोणी मागितला तर लेखी मागा.
▪️ आधी बंदीच्या हप्त्यांची तजवीज करा, मग दलालाची उचल आणि सोनेतारणासारखी महाग कर्जं फेडा. त्यातून उरेल ते घराच्या मुद्दलीत. खिसा पूर्ण रिकामा करून घरात पैसे घातले आणि ऑगस्टमध्ये इंजिन बिघडलं, तर पुन्हा जास्त व्याजाने उचल घ्यावी लागते.

*६) इंजिनासाठी घरावर टॉप-अप? दोनदा विचार करा*

बोटमालकांनी हे नीट वाचा. इंजिन बदलायचं आहे, ५ लाख हवेत. बँक म्हणते घरावर टॉप-अप घ्या, व्याज कमी आहे.

▪️ घरावर ५ लाख, ९ टक्के, २० वर्षं: हप्ता ४,४९९. एकूण फेड १० लाख ८० हजार.
▪️ वेगळं कर्ज ५ लाख, ११ टक्के, ५ वर्षं: हप्ता १०,८७१. एकूण फेड ६ लाख ५२ हजार.

व्याजदर दोन टक्क्यांनी जास्त असूनही दुसरं कर्ज ४ लाख २७ हजारांनी स्वस्त पडतं. पहिल्यात इंजिन भंगारात गेलं तरी हप्ता चालूच राहणार. शिवाय धंद्यात मार बसला तर धोक्यात येतं ते घर. टॉप-अप घ्यायचाच असेल तर त्याची मुदत इंजिनाच्या आयुष्यापेक्षा मोठी ठेवू नका. डिझेल, बर्फ, जाळी अशा चालू खर्चासाठी मच्छीमारांना किसान क्रेडिट कार्ड मिळतं, त्याची आधी चौकशी करा.

*७) कर्जात मिसळलेले खर्च*

प्रोसेसिंग फी आणि त्यावरचा जीएसटी, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन फी, गहाणखताची स्टॅम्प ड्युटी, हे सगळं वेगळं लागतं. याशिवाय बरेचदा कर्जविम्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवतात. समजा तो ६० हजार आहे. त्यावरही २० वर्षं ९ टक्क्यांनी व्याज लागतं आणि तो पडतो १ लाख २९ हजारांना.

विमा नको असं आमचं म्हणणं नाही. समुद्रावर जाणाऱ्या माणसाच्या नावावर कर्ज असेल तर विमा हवाच. पण वेगळ्या टर्म विम्याचा दर विचारा, दोन्ही ठेवून बघा, मग ठरवा. आणि शक्यतो विम्याचे पैसे कर्जात मिळवू नका.

*८) सही करण्याआधी*

१ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या अशा कर्जांसाठी बँकेने 'की फॅक्ट स्टेटमेंट' हा कागद द्यायलाच हवा. सगळे खर्च धरून वर्षाचा खरा दर त्यात असतो. तो कर्जदाराला समजेल अशा भाषेत हवा, म्हणून मराठीत मागा. वाचून ठरवायला तुम्हाला किमान तीन कामाचे दिवस मिळतात. घरी आणा, आम्हाला दाखवा, घाई करू नका.

गोव्यात दिवाणी कायद्यानुसार पती-पत्नीची मालमत्ता साधारणपणे सामाईक असते, म्हणून घर गहाण ठेवताना दोघांची सही लागते. मासळी विकून घरचा हिशोब सांभाळणाऱ्या आमच्या भगिनींनी "कुठे सही करू?" एवढंच विचारू नये. वर दिलेले आकडे विचारावेत.

बँकेत हे सहा प्रश्न नक्की विचारा:

१. शेवटपर्यंत एकूण किती भरावे लागतील?
२. पहिल्या वर्षात मुद्दल किती उतरेल?
३. दर वाढला तर हप्ता वाढेल की मुदत?
४. मध्येच जादा रक्कम भरायची पद्धत काय, कमीत कमी किती?
५. विमा कर्जात मिळवला आहे का?
६. हप्त्याची तारीख आमच्या विक्रीच्या पैशांशी जुळवून मिळेल का?

आणि ज्यांचं कर्ज फिटत आलं आहे त्यांच्यासाठी: पूर्ण फेड झाल्यावर ३० दिवसांत घराचे मूळ कागद परत मिळायला हवेत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. कागद घेऊन, बोजा उतरवल्याची नोंद करूनच काम संपलं समजा.

ज्यांचं कर्ज चालू आहे त्यांनी या आठवड्यात बँकेतून फेडीचा तक्ता काढावा. तो घेऊन संस्थेच्या कार्यालयात या, किती भरले तर किती वर्षं कमी होतील ते आपण एकत्र बसून काढू. ऑगस्टमध्ये बोटी सुटायच्या आधी हे एक काम उरकून टाकू.

पोस्ट आपल्या वाड्यावरच्या ग्रुपवर पाठवा. काही शंका असेल तर खाली कमेंटमध्ये विचारा.

नव्या हंगामाच्या आगाऊ शुभेच्छा. दर्याराजाची कृपा राहो! 🙏