नडगीचे हाड आणि नोंदीतील संकेतांक

शेतमजूर झाडावरून पडतो, मोटारसायकलस्वार वळणावर घसरतो. दोघांच्याही केसपेपरवर ‘पाय मोडला’ एवढीच नोंद होते. उपचार करणाऱ्या डॉक्टरांना सर्व ठाऊक असते. परंतु वर्षअखेर आकडेवारी जुळविताना या दोन शब्दांतून काहीच हाती लागत नाही. ही उणीव भरून काढण्यासाठी रोगांचे आंतरराष्ट्रीय वर्गीकरण उपयोगी पडते. १९४८ पासून ते जागतिक आरोग्य संघटनेकडे आहे.

वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत गुडघ्याची वाटी व घोटा धरून पायाच्या खालच्या भागातील अस्थिभंगास ‘एस ८२’ हा संकेतांक आहे. बिंदूनंतरचा अंक जागा दर्शवितो : ० म्हणजे वाटी, १ नडगीच्या हाडाचे वरचे टोक, २ मधला भाग, ३ खालचे टोक, तर ४ म्हणजे बाजूचे बारीक हाडच तेवढे मोडलेले. जागा नोंदलेली नसल्यास ९. पुढे बंद अस्थिभंगास ० आणि उघड्या अस्थिभंगास १ जोडता येतो. उघड्या जखमेतून हाडापर्यंत जंतुसंसर्ग पोहोचण्याचा धोका असल्याने हा शेवटचा अंक महत्त्वाचा ठरतो.

दुखापतीच्या कारणास स्वतंत्र संकेतांक असतो. झाडावरून पडल्यास ‘डब्ल्यू १४’, तर मोटारसायकलस्वाराच्या अपघातास ‘व्ही २०’ ते ‘व्ही २९’ यांपैकी एक. १ जानेवारी २०२२ पासून अमलात आलेल्या अकराव्या आवृत्तीत चिन्हे बदलली. तत्त्व मात्र तेच राहिले.

केसपेपरवर जे नाही, ते संकेतांक देणारा कर्मचारी कोठून आणणार? जागा, जखम आणि कारण या तीन गोष्टी लिहिल्या गेल्या, तरच धोक्याचे वळण कोणते, हे पंचायतीस आकड्यांवरून उमगेल.