ईसार : स्वतःच्या गरजेआधी दुसऱ्याची गरज

दिव्य कुरआनची ५९वी सूरह, सूरह अल-हश्र, हिजरी सन ४ मधील एका घटनेशी निगडित आहे. बनू नजीर हा कबिला मदीना सोडून गेला आणि त्याच्या जमिनी व बागा लढाईविना मुस्लिमांच्या हाती आल्या. अशा संपत्तीला 'फय' म्हणतात. तिचा मोठा भाग प्रेषित मुहम्मद (स.) यांनी मुहाजिरांमध्ये वाटला. मुहाजिर म्हणजे मक्केतील घरदार, व्यापार आणि नातीगोती मागे टाकून आलेले लोक. मदीनेचे मूळ रहिवासी असलेल्या अन्सारांपैकी अगदी गरजू अशा दोघा-तिघांखेरीज कोणाच्याही वाट्याला त्यातून काही आले नाही.

ज्यांनी आपली घरे उघडी केली होती त्यांनाच वाटपातून वगळले गेले, तेव्हा त्यांच्या मनात काय चालले असेल? या सूरहची ९वी आयत नेमके तेच उघड करते. तिचा आशय असा आहे : अन्सार हिजरत करून आलेल्यांवर प्रेम करतात, त्या बांधवांना जे दिले गेले त्याविषयी यांच्या अंतःकरणात कोणताही सल नाही, आणि स्वतः तंगीत असतानाही ते इतरांना स्वतःपेक्षा अधिक प्राधान्य देतात. यानंतर आयत एक सर्वकालिक सिद्धांत मांडते. जे आपल्या मनाच्या हव्यासापासून वाचवले गेले, तेच साफल्य पावणारे आहेत.

वाचकहो, या आयतीचा क्रम लक्षपूर्वक पाहा. देण्याचा उल्लेख तिसरा आहे. प्रथम प्रेम, मग निर्मळ अंतःकरण आणि त्यानंतर दान. यांतील दुसरी पायरी सर्वांत कठीण आहे. देणाऱ्याचा हात वर असतो, त्यामुळे देणे मनाला सुखावते. परंतु आपल्याला वगळून दुसऱ्याला दिले गेले आणि तरीही मनात खळबळ उठली नाही, तरच मन खरोखर मोकळे आहे असे म्हणता येईल.

आयतीत प्राधान्य देण्यासाठी जे क्रियापद आले आहे त्यावरूनच 'ईसार' ही संज्ञा रूढ झाली. आपल्याजवळ उरलेल्यातून देणे हेही पुण्यच आहे. सूरह अल-बकराच्या २१९व्या आयतीत काय खर्च करावे या प्रश्नाला, गरजेहून अधिक असेल ते, असेच उत्तर दिले आहे. सर्वसामान्यांसाठी हाच सुलभ नियम आहे. ईसार ही त्याच्या पुढची पायरी होय. ज्याची आपल्यालाही गरज आहे, ते दुसऱ्याची गरज पाहून त्याच्या हाती ठेवणे म्हणजे ईसार.

मराठीत या अर्थाच्या जवळ जाणारा शब्द 'परोपकार' आहे. तो सुंदर शब्द आहे, मात्र त्याची फोड केली तर 'पर' आणि 'उपकार' असे दोन भाग हाती येतात. म्हणजे समोरचा परका आहे आणि मी त्याच्यावर उपकार करतो आहे. 'उपकाराचे ओझे' हा शब्दप्रयोगही आपल्याच भाषेतला. अन्सारांच्या आचरणात मात्र ना समोरचा परका होता, ना देणे हा उपकार होता. इ.स. ६२२ मध्ये मदीनेत आल्यावर प्रेषितांनी (स.) एकेका मुहाजिराचे एकेका अन्साराशी बंधुत्वाचे नाते जोडून दिले. आधी भाऊ केले आणि मग वाटून घेणे आले.

अशाच एका जोडीची हकीकत सहीह बुखारीत आहे. ह. अब्दुर्रहमान बिन औफ (रजि.) यांना ह. सअद बिन रबीअ (रजि.) यांचे भाऊ करण्यात आले. सअद (रजि.) मदीनेतील संपन्न गृहस्थ होते. आपल्या संपत्तीचा निम्मा भाग त्यांनी या नव्या भावापुढे ठेवला. अब्दुर्रहमान (रजि.) यांनी त्यांच्या घरादारात बरकत व्हावी अशी दुआ दिली आणि फक्त बाजाराची वाट विचारली. त्यांना बनू कैनुकाचा बाजार दाखवण्यात आला. तेथे त्यांनी तूप आणि दुधापासून केलेल्या सुक्या पनीराची खरेदी-विक्री सुरू केली. काही काळातच ते स्वतःच्या कमाईवर विवाह करू शकले.

या हकीकतीत औदार्य दोन्ही बाजूंना आहे. एकाने निम्मे देऊ केले. दुसऱ्याने गरज असूनही ते घेतले नाही, आणि नकार देताना देणाऱ्याचा मानही राखला. खजुरीच्या बागांबाबतही हेच दिसते. अन्सारांनी आपल्या बागा मुहाजिरांत वाटून देण्याची विनंती केली. प्रेषितांनी (स.) ती मान्य केली नाही. मग मुहाजिरांनी बागेत श्रम करावेत आणि उत्पन्नात दोघांनी वाटेकरी व्हावे, असे ठरले. काही अन्सारांनी फळे खाण्यासाठी आपली झाडे मुहाजिरांना दिली होती. हिजरी सन ७ मध्ये खैबरनंतर मुहाजिरांची स्थिती सुधारली, तेव्हा ती झाडे त्यांनी मूळ मालकांना परत केली. मदतीचा हेतू समोरच्याला आपल्या पायांवर उभे करणे हा होता, त्याला कायमचे ओशाळे ठेवणे हा नव्हता.

आता सअद बिन रबीअ (रजि.) यांच्या घराकडे पुन्हा वळू या, कारण ही हकीकत येथे संपत नाही. हिजरी सन ३ मध्ये उहुदच्या लढाईत ते शहीद झाले. मागे पत्नी आणि दोन मुली राहिल्या. त्या काळच्या रिवाजाप्रमाणे मुलींच्या चुलत्याने सारी संपत्ती ताब्यात घेतली. ती माउली मुलींना घेऊन प्रेषितांकडे (स.) आली. ह. जाबिर (रजि.) यांच्या कथनानुसार याच प्रसंगी वारशाच्या आयती अवतरल्या. त्यानुसार दोन तृतीयांश मुलींना, एक अष्टमांश पत्नीला आणि उरलेले चुलत्याला देण्याचा आदेश झाला. ज्या पित्याने परक्या माणसाला भाऊ मानून अर्धे घर देऊ केले, त्याच्या मुली उघड्यावर पडल्या, तेव्हा त्यांचा वाटा कोणाच्या दयेवर सोडला गेला नाही. अल्लाहने तो त्यांचा हक म्हणून निश्चित केला.

येथे आपण प्रत्येकाने थांबून स्वतःला तपासावे. हक देणे आणि ईसार करणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि हक आधी येतो. आपल्याकडे वडिलांच्या निधनानंतर बहिणींकडून हक्कसोडपत्रावर सह्या घेतल्या जातात. नाते तुटेल या भीतीने बहीण सही करते आणि तिने आनंदाने दिले असे आपण म्हणतो. तोच भाऊ रमजानमध्ये शंभर जणांना इफ्तार देतो. मजुराची मजुरी थकलेली असते, पत्नीची महर दिलेली नसते, घेतलेले कर्ज फेडलेले नसते, आणि देणगीदारांच्या यादीत मात्र नाव झळकत असते. दुसऱ्याच्या हकातून केलेले औदार्य ईसार ठरत नाही. ईसार आपल्या वाट्यातून करायचा असतो.

हीच मर्यादा दिव्याच्या प्रसिद्ध हकीकतीतही ध्यानात ठेवावी. एका अन्सारी दांपत्याने घरात मुलांपुरतेच अन्न असताना पाहुण्याला जेवू घातले. त्यांनी मुलांना झोपवले, दिवा मालवला आणि पाहुण्याला संकोच वाटू नये म्हणून अंधारात आपणही जेवत असल्याचा आव आणला. सहीह मुस्लिमचे भाष्यकार इमाम नववी येथे खुलासा करतात की, त्या मुलांना अपाय होईल अशी भूक नव्हती; तशी असती तर त्यांना जेवू घालणे अनिवार्य ठरले असते. सूरह बनी इस्राईलची २९वी आयतही हेच संतुलन शिकवते. हात गळ्याशी बांधून ठेवू नये आणि तो इतकाही मोकळा सोडू नये की शेवटी खंत करीत बसावे लागेल. दिवा मालवण्यातील नाजूक भाव मात्र विसरू नये. पाहुण्याने आपली उपाशी ताटे पाहू नयेत, एवढी त्या दोघांना काळजी होती. आज शिधा वाटताना घेणाऱ्याच्या चेहऱ्यावर कॅमेरा रोखणाऱ्यांनी ही हकीकत पुन्हा वाचावी.

आता मूळ सिद्धांताकडे येऊ. आयतीतील 'शुह्ह' या शब्दासाठी कंजूषपणा हा प्रतिशब्द पुरेसा नाही. अनेक विद्वानांच्या मते कंजूषपणा हाताचा असतो आणि शुह्ह मनाचा. आपले सोडवत नाही आणि दुसऱ्याचे पाहवत नाही, अशी ती आतली हाव आहे. कुरआनने येथे योजलेले 'यूक' हे क्रियापद कर्मणी आहे. ज्यांनी हाव जिंकली असे न म्हणता, जे हावेपासून वाचवले गेले असे म्हटले आहे. म्हणजे ही मुक्ती अल्लाहची देणगी आहे. ती मागावी लागते आणि मिळाली तरी तिचा गर्व करण्यास जागा उरत नाही.

अशा मुक्त झालेल्या माणसांना कुरआन 'मुफ्लिहून' म्हणतो, 'फलाह' मिळवणारे. अजानमध्ये दिवसातून पाच वेळा आपल्याला याच फलाहकडे बोलावले जाते. अरबीत याच धातूपासून शेतकऱ्याला 'फल्लाह' म्हणतात, कारण तो जमीन फोडतो. वरचा कठीण थर फुटल्याशिवाय पीक येत नाही. मनाचेही तसेच आहे.

अनेक तरुण विचारतात की, आपल्या जगण्याचा उपयोग काय? कोणी पदवी घेऊन रिकामा आहे, तर कोणी चांगल्या नोकरीत असूनही आतून रिता आहे. अल्लाहने मानवाला आपल्या उपासनेसाठी निर्माण केले, हे सूरह अज-जारियातच्या ५६व्या आयतीत सांगितले आहे. पण ही उपासना मुसल्ल्यावर सुरू होऊन मुसल्ल्यावरच संपत नाही. सहीह मुस्लिममधील एका हदीसचा आशय असा की, कयामतच्या दिवशी अल्लाह आपल्या दासाला विचारील, मी आजारी होतो, तू भेटीला का आला नाहीस? दास चकित होईल. तेव्हा उत्तर मिळेल की, अमुक दास आजारी होता. तू त्याच्याकडे गेला असतास तर मी तुला तेथेच भेटलो असतो. भुकेल्याविषयी आणि तहानलेल्याविषयीही असाच सवाल होईल.

आणि ज्याच्याजवळ देण्यासारखे काहीच नाही त्याने काय करावे? सदका प्रत्येक मुस्लिमावर आहे असे प्रेषितांनी (स.) सांगितले, तेव्हा सोबत्यांनी हेच विचारले होते. उत्तराचा आशय असा : हाताने श्रम करून स्वतःचा निर्वाह करावा आणि त्यातून द्यावे, तेही जमत नसेल तर अडलेल्याला साहाय्य करावे, तेही नाही तर चांगले सांगावे, आणि निदान कोणाचे वाईट तरी करू नये, तोही सदकाच आहे. या यादीत निरुपयोगी ठरेल असा एकही मनुष्य नाही. बेरोजगार तरुण शेजारच्या वृद्धाला दवाखान्यात नेऊ शकतो, विधवेचा निवृत्तिवेतनाचा अर्ज भरून देऊ शकतो, दहावीच्या मुलाला गणित शिकवू शकतो.

मात्र येथे एक सूक्ष्म धोका आहे. मदत केल्याने मनाला शांती मिळते, म्हणून मदत करायची, असे झाले तर गरीब माणूस आपल्या समाधानाचे साधन बनतो. मग त्याने आभार मानले नाहीत की आपण खट्टू होतो, आणि तो सावरला की आपली किंमत गेली असे वाटू लागते. हीदेखील हावच होय. सूरह अद-दहरच्या ८व्या व ९व्या आयतींत गरीब, अनाथ आणि कैदी यांना जेवू घालणाऱ्यांचे वर्णन आहे. ते केवळ अल्लाहसाठी देतात. मोबदला नको आणि आभारही नकोत, ही त्यांची भूमिका आहे. अनेक भाष्यकारांनी हेही नमूद केले आहे की, त्या काळातील कैदी मुस्लिमेतर होते. म्हणून भुकेल्याचा धर्म विचारणे ईसारात बसत नाही. मनाची शांती मिळेल ती अल्लाहकडून. ती गरिबाकडून वसूल करायची नाही.

तेव्हा वाचकहो, या महिन्यात तीन गोष्टी कराव्यात. पहिली, कोणाचा हक आपल्याकडे अडकला आहे याची कागदावर यादी करावी आणि तो आधी द्यावा. दुसरी, आपल्यालाही हवी असलेली एखादी वस्तू, रक्कम किंवा सुट्टीचा दिवस एका गरजवंतासाठी गुपचूप खर्च करावा. तिसरी, ज्याला मदत केली त्याला बाजाराची वाट दाखवता येईल का, म्हणजे काम, हुनर किंवा शिक्षण मिळवून देता येईल का, याचा विचार करावा.

सूरह अल-हश्रची १०वी आयत मुहाजिर आणि अन्सार यांच्यानंतर येणाऱ्यांविषयी आहे. म्हणजे त्या ओळीत आपण उभे आहोत. त्यांची ओळख एका दुआने करून दिली आहे : आधी ईमान आणलेल्या बांधवांसाठी क्षमायाचना, आणि ईमानधारकांविषयी अंतःकरणात आकस राहू नये अशी विनंती. अन्सारांचा गुण जेथून सुरू झाला, त्या निर्मळ मनाचीच ही मागणी आहे. अल्लाह आपणा सर्वांना मनाच्या हव्यासापासून वाचवो आणि आपले हात इतरांच्या उपयोगी पडावेत अशी सद्बुद्धी देवो. आमीन.