निकाल बाजूने लागला, तरी सीट मिळेल का?

प्रश्न : माझ्या भाचीपेक्षा कमी गुण असलेल्या मुलाला तिच्याच प्रवर्गातून एमबीबीएसची सीट मिळाली. हायकोर्टात जावं, असं घरात चाललंय. पण तारखा पडत वर्ष निघून गेलं, तर निकाल बाजूने लागून उपयोग काय? (एक वाचक, बार्शी)

उत्तर : भीती रास्त आहे. प्रवेशाची मुदत टळली की फार तर नुकसानभरपाई मिळेल, सीट नाही, असा पायंडा सर्वोच्च न्यायालयाच्या २०१४ च्या एका निकालाने पडला होता. मुलीला डॉक्टर व्हायचं असताना तिच्या हातात पैसे ठेवणं हा न्याय नव्हे, असं मला तेव्हाही वाटे.

१३ डिसेंबर २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठाने हे चित्र बदललं. उमेदवार गुणवत्तेत बसतो, त्याची स्वतःची काही चूक नाही आणि तो विलंब न लावता न्यायालयात आला आहे, अशा अपवादात्मक प्रकरणात ३० सप्टेंबर या तेव्हाच्या अंतिम तारखेनंतरही महिनाभरात एमबीबीएसचा प्रवेश देता येईल, गरज पडल्यास एक-दोन जागा वाढवून. तेही शक्य नसेल तर पुढच्या वर्षी. भरपाई जोडीला देता येईल, पण प्रवेशाच्या बदल्यात नाही.

हे कागदावरच राहिलं नाही. २०२० मध्ये तेलंगणातली एक विद्यार्थिनी जनरल सर्जरीच्या पदव्युत्तर प्रवेशासाठी मुदतीच्या आत महाविद्यालयात पोहोचली, तरी तिला परत पाठवलं आणि सीट तिच्याहून खालच्या क्रमांकाच्या उमेदवाराला दिली. सर्वोच्च न्यायालयाने त्याच महाविद्यालयाच्या मॅनेजमेंट कोट्यातली सीट तिला पुढच्या वर्षी द्यायला लावली, वर दहा लाख रुपये भरपाई. ती आठवडाभरात कोर्टाची पायरी चढली होती, हे विसरू नका.

२०२४ चं महाराष्ट्रातल्या मुलाचं प्रकरण तर वकिलांना आवर्जून दाखवा. वाचादोष चाळीस टक्क्यांहून अधिक म्हणून त्याला अपात्र ठरवलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने आधी एक सीट रिकामी ठेवायला सांगितली, मग वैद्यकीय मंडळाकडून तपासणी करून घेतली. मुलगा शिकू शकतो, असा अहवाल आला आणि राखून ठेवलेली सीट त्याला मिळाली. टक्केवारी हा एकच निकष पुरेसा नाही, हेही न्यायालयाने स्पष्ट केलं. याचिकेसोबतच 'एक सीट रिकामी ठेवा' असा अंतरिम आदेश मागणं किती मोलाचं असतं, ते यातून कळतं.

मात्र आधी कागद तपासा. भाचीपेक्षा कमी गुण असलेल्या त्या मुलाला दिव्यांग, संरक्षण दलातील कर्मचाऱ्यांचे पाल्य अशा समांतर आरक्षणातून सीट मिळाली असेल, किंवा भाचीने पसंतीक्रमात ते महाविद्यालय भरलंच नसेल, तर याचिका टिकणार नाही. दोघांचा मेरिट क्रमांक, प्रवर्ग, कितव्या फेरीत सीट मिळाली ते आणि भाचीचा पसंतीक्रमाचा अर्ज समोरासमोर ठेवून पाहा.

त्यातूनही अन्याय दिसला तर सीईटी सेलकडे आजच लेखी तक्रार करा, पोच घ्या आणि उत्तराची वाट पाहत न बसता याच आठवड्यात प्रवेशाची प्रकरणं लढवणारा वकील गाठा. पुढच्या फेरीचं काय होतं ते बघू, असं म्हणत थांबू नका. उशीर का केला, हा प्रश्न न्यायालय सर्वात आधी विचारतं.