बाणावलीचे पाद्री सिलोनात

गोव्यात समुद्राकाठी बाणावली नावाचे गाव आहे. तिथे १६५१ साली जोसेफ वाझ जन्मले. शिकून ते पाद्री झाले. पाद्री म्हणजे ख्रिस्ती लोकांचे धर्मगुरू.

त्या काळी सिलोन बेटाच्या, म्हणजे आजच्या श्रीलंकेच्या, किनाऱ्यावर डच लोकांचे राज्य होते. त्याआधी तिथे पोर्तुगीजांचा अंमल होता. तेव्हा बरेच लोक कॅथलिक पंथाचे ख्रिस्ती झाले होते. डचही ख्रिस्तीच, पण पंथ वेगळा. त्यांनी पोर्तुगीजांना हाकलले आणि कॅथलिक पाद्रींना बंदी केली. जवळजवळ तीस वर्षे या लोकांना धर्मगुरू नव्हता. मरणाऱ्याच्या उशाशी प्रार्थना म्हणायलाही कुणी पाद्री नाही!

ही हकीकत वाझ यांच्या कानी आली. १६८७ साली ते सिलोनला निघाले. पाद्रीचा झगा उतरवला. मजुराचे कपडे घातले. सोबत जॉन नावाचा गडी. तुतिकोरीनहून होडीने समुद्र ओलांडला. जाफना शहरी पोचले ते हगवणीने पार खंगून.

बरे झाल्यावर ते दारोदार भीक मागू लागले. पण कॅथलिक घर ओळखायचं कसं? उघड विचारायची सोय नाही. मग त्यांनी गळ्यात मोठी जपमाळ घातली. माळ पाहून कुणाचा चेहरा उजळला, की ओळख पटायची. मग रात्री त्या घरी गुपचूप प्रार्थना व्हायची. पाद्रीला थारा देणाऱ्यालाही जबर शिक्षा होती. तरी लोकांनी दारं उघडली. त्यांची नावं कुणी लिहून ठेवली असती तर बरं झालं असतं, असे आम्हांला वाटते.

१६९२ साली वाझ डोंगरातल्या कँडी शहरी गेले. तिथे बौद्ध राजाचे राज्य होते. हा पोर्तुगीजांचा हेर आहे, असे कुणीतरी राजाचे कान भरले. राजाने कैदेत टाकले. कैदेत बसून काय केलं? सिंहली भाषा शिकले. वय चाळिशी उलटलेलं! ‘आता या वयात कसली अक्षरं’ म्हणणाऱ्या आमच्या काका-मावशींनी हे जरूर वाचावं.

१६९७ साली कँडीत देवीची साथ आली. तेव्हा लस नव्हती. राजा आणि बडी माणसं शहर सोडून गेली. घरचेच लोक आजाऱ्याला रानात टाकून पळू लागले. वाझ आणि त्यांचे सोबती फादर कार्व्हालो मात्र हलले नाहीत. त्यांनी रोग्यांसाठी झोपड्या घातल्या. त्यांना धुतले, पुसले, खाऊ घातले. मेलेल्यांना पुरले. रोगी बौद्ध की ख्रिस्ती, हे पाहिले नाही. पुढे त्यांना कुणी अडवले नाही, याचे एक कारण ही सेवा.

गोव्याहून आणखी पाद्री मदतीला आले. दिवाडी बेटावरचे जाकोम गोन्साल्विस १७०५ साली आले. त्यांनी सिंहली आणि तमिळ भाषांत पुस्तके लिहिली.

वाझ गोव्याला परत आलेच नाहीत. १६ जानेवारी १७११ रोजी ते कँडीत वारले. त्यांची कबर नेमकी कुठे होती, ते आज सापडत नाही. १४ जानेवारी २०१५ रोजी पोप फ्रान्सिस यांनी कोलंबोत, समुद्राकाठच्या मैदानावर, लाखो लोकांसमोर त्यांना संत म्हणून जाहीर केले.