जुने खेळ, दुबळी यंत्रे आणि संचांची निवड

नाणे टाकून खेळावयाच्या जुन्या व्हिडिओ खेळांचा प्रोग्रॅम यंत्रातील 'रॉम' नामक चिपांमध्ये साठविलेला असे. यंत्रे मोडीत निघाली, चिपा निकामी होऊ लागल्या, म्हणजे खेळही नाहीसा व्हावयाचा. तो वाचावा म्हणून १९९७ साली इटलीच्या निकोला साल्मोरिया यांनी 'मेम' हा अनुकारक प्रसिद्ध केला. एका यंत्राचे वागणे दुसऱ्या यंत्रावर हुबेहूब वठविणारा प्रोग्रॅम तो अनुकारक. आणि एका खेळाच्या सर्व चिपांतील मजकुराची प्रत म्हणजे त्या खेळाचा संच.

१९८० च्या 'पॅक-मॅन'मधील चिप सेकंदास सुमारे ३० लक्ष ठोके देई. २०१२ चा चिमुकला 'रास्पबेरी पाय' संगणक ७० कोटी देतो. मग नवे यंत्र अडखळावे का? कारण जुन्या चिपेच्या एकेका आज्ञेसाठी अनुकारकास स्वतःच्या अनेक आज्ञा पाळाव्या लागतात. शिवाय चित्र व ध्वनी यांचाही मेळ राखावा लागतो. मेमच्या कर्त्यांनी वेगापेक्षा अचूकतेस अधिक मान दिला; त्यामुळे नव्या आवृत्त्या अधिक अचूक, पण अधिक जड झाल्या. म्हणून दुबळ्या यंत्रासाठी ०.७८ या जुन्या आवृत्तीवर आधारलेला 'मेम २००३' अद्याप उपयोगी पडतो.

येथेच पुष्कळांची फसगत होते. अनुकारक जुना आणि संच नवा घेतला, तर खेळ बहुधा सुरूच होत नाही. सदोष प्रती बदलल्या जातात, राहून गेलेल्या चिपांची भर पडते, फाइलींची नावेही बदलतात. जुन्या आवृत्तीची अनुक्रमणिका घेऊन नव्या आवृत्तीत धडा शोधावा, तशी गत होते. यास्तव आधी यंत्राची शक्ती पाहावी, मग अनुकारकाची आवृत्ती ठरवावी, आणि शेवटी त्याच क्रमांकाचा संच घ्यावा.

संचांच्या बांधणीचेही प्रकार आहेत. विभक्त संचात उपखेळाच्या फाइलीत केवळ निराळा भाग असतो. मेममध्ये 'पक-मॅन' हा मूळ खेळ व 'पॅक-मॅन' त्याचा उपखेळ मानला आहे. म्हणून विभक्त 'पॅक-मॅन' एकटा चालत नाही. स्वयंपूर्ण संच जागा अधिक व्यापतो, परंतु त्यास मूळ खेळाच्या फाइलीची गरज नसते. दहा-बारा खेळच हवे असणाऱ्यास आम्ही हाच सुचवितो. 'निओ जिओ' यंत्रावरील खेळांस मात्र त्या यंत्राची सामाईक फाइलही जवळ ठेवावी लागते.

एक गोष्ट विसरू नये. खेळ जुना झाला म्हणून त्यावरील कर्त्याचा हक्क संपत नाही. 'रॉबी रोटो'सारखे काही खेळ मालकांच्या संमतीने, व्यापारी नसलेल्या उपयोगासाठी मेमच्या संकेतस्थळावर ठेविलेले आहेत. आरंभ त्यांनीच करावा. घरातील जुना संगणक निरुपयोगी ठरविण्यापूर्वी त्याला झेपेल एवढेच काम त्यास देऊन पाहावे.